शुद्ध वर्तनाने राहील तोपर्यंत

भाऊजींनी कागद वाचायला चष्मा लावला आणि जाऊबाईंनी माझ्या मांडीवर साडी ठेवली. राखाडी. दुकानाच्या पिशवीतून अर्धीच बाहेर काढलेली. मी एकोणचाळीस वर्षांची. "तुला आता असलेच रंग लागणार ना," त्या म्हणाल्या आणि चहा ठेवायला आत गेल्या. वाईट मनाने म्हणाल्या नाहीत. तेच जास्त लागलं.

बहारीनमधल्या हूरा भागातला त्यांचा फ्लॅट. शुक्रवारची दुपार, एसी चालू, टीपॉयवर चिवडा आणि खजूर. भाऊजींचे बँकेतले दोन मित्र साक्षीदार म्हणून सोफ्यावर. दोघेही पुण्याचे, शिकलेसवरलेले, माझ्याकडे न बघता चिवडा खाणारे. माझी मुलगी खिडकीजवळच्या खुर्चीत. चौदा वर्षांची. ईसा टाउनच्या शाळेत शिकते. मराठी सगळं कळतं, उत्तर इंग्रजीतून.

नवरा जाऊन वर्ष झालं नव्हतं. मीना सलमान बंदरातल्या वर्कशॉपमध्ये बोटीचं इंजिन खोलताना छातीत कळ आली आणि गेला. सासू-सासरे आधीच गेलेले. कराडकडची जमीन आणि घर दोघा भावांच्या नावावर होतं. आता एक भाऊ उरला होता आणि त्याच्या हातात कागद होता. हक्कसोडपत्र. इथल्या भारतीय वकिलातीत अधिकाऱ्यासमोर मी सही करायची, मग कागद गावी जाणार.

भाऊजी मोठ्याने वाचत होते. आवाजात चढउतार नाही.

"मयताची विधवा हिने आपला व आपल्या अज्ञान मुलीचा सर्व हक्क व हिस्सा राजीखुशीने सोडून दिला असून, सदर विधवा शुद्ध वर्तनाने राहील तोपर्यंत तिला हयातीपुरते अन्नवस्त्र देण्यात येईल."

चिवडा चावायचा आवाज थांबला. एकाने खजुराची बी बशीच्या कडेला ठेवली. कुणी हरकत घेतली नाही. चार भिंतींत, परक्या पुरुषांसमोर, मी कुणाशी बोलावं, कुणासोबत राहावं याची अट वाचली जात होती. माझी पोरगी ऐकत होती. आणि मी मांडीवर साडी घेऊन बसले होते.

"हे शुद्ध वर्तन कशाला लिहिलंय?" मी विचारलं.

"अगं, जुनी भाषा आहे ती. गावचा वकील आजोबांच्या वेळचे कागद बघून मसुदा करतो. फॉर्मॅलिटी. मनावर नको घेऊस."

"मग काढून टाका ना."

"रविवारची अपॉइंटमेंट मिळालीय, आता कुठे बदलत बसू? आणि हे बघ, तुझा व्हिसा आहे नर्सरी स्कूलच्या नोकरीचा. आज आहे, उद्या खलास. शेवटी गावीच यायचंय ना तुला? तेव्हा दार उघडायला माणूस नको?"

धमकी अशी असते. चष्म्याआडून, प्रेमाने. मी मान डोलावली.

लिफ्टमध्ये मुलीने विचारलं, "मम्मा, व्हॉट्स अन्नवस्त्र?"

"जेवण आणि कपडे."

"फॉर हूम?"

"मला."

"बट यू हॅव अ जॉब." मग म्हणाली, "अँड शुद्ध वर्तन? हू चेक्स?"

मला उत्तर माहीत होतं. कोण तपासतं ते मी लहानपणी बघितलं होतं.

माझ्या माहेरी वडिलांची एक म्हातारी चुलत काकू होती. तरुणपणीच नवरा गेलेला. तिच्याबद्दल कुणी विचारलं की घरचे सांगत, "ती अन्नवस्त्रावर आहे." जशी कुणी पगारावर असते, तशी. सगळ्यांच्या मागून जेवायची. कुणाकडे जायचं तर विचारून जायची, आणि आल्यावर कुठे गेली होती तेही सांगायची. एका दिवाळीत तिने लुगडं मागितलं. मी तिथेच बसून चकली खात होते. आमचे मोठे काका म्हणाले, "गेल्या सालचं फाटलं का? दाखव." आणि तिने दाखवलं. भर ओसरीत, सगळ्यांसमोर, अंगावरच्या लुगड्याचा फाटका भाग दोन्ही हातांनी ताणून धरला. मुलं हसली. मीही हसले असेन.

कायदा तोवर बदलून जमाना झाला होता. बायकोला हिस्सा होता, मुलीला हिस्सा होता. आमच्या घराने तो कायदा उंबऱ्याच्या आत येऊच दिला नव्हता.

शनिवारभर माझ्या डोळ्यासमोर तेच दोन हात. माझ्या हिश्शाचं मी सोडलंही असतं, खरं सांगते. दमले होते. भांडायला त्राण नव्हतं. पण त्या कागदावर मुलीचाही हिस्सा होता. तिच्या वतीने सही माझीच. म्हणजे तिचं लुगडं मीच फाडून द्यायचं.

रविवारी, इथे तो कामाचा वार, वकिलातीत काचेपलीकडे एक तरुण अधिकारी बसला होता. भाऊजी माझ्या मागे, त्यांच्या मागे रांग. त्याने कागद चाळला आणि मला विचारलं, "मॅडम, पढ लिया? अपने शब्दों में बताइए, क्या लिखा है?"

नेहमीचाच प्रश्न असणार त्याचा. मी बोलायला लागले. "इसमें लिखा है, मैं अपना हिस्सा छोड रही हूं. मेरी बेटी का भी. बदले में मुझे खाना-कपडा मिलेगा. जब तक..."

तिथे अडकले. रांग ऐकत होती.

"जब तक ये लोग कहेंगे कि मैं अच्छी औरत हूं."

त्याने मान वर केली. भाऊजी पुढे झाले. "सर, इट्स ओल्ड लँग्वेज. जस्ट अ फॉर्मॅलिटी."

"मैं मॅडम से पूछ रहा हूं," तो म्हणाला.

माझ्या तोंडून ते वाक्य पहिल्यांदाच बाहेर पडलं होतं. ऐकलं, आणि लाज माझी नव्हती हे कळलं. मी पेन काचेखालून परत सरकवलं.

"मुझे साइन नहीं करना."

बाहेर ऊन रणरणत होतं. गाडीपाशी आल्यावर भाऊजी म्हणाले, "चारचौघांत शोभा केलीस. आता गावाचं नाव विसर."

"विसरत नाही. वारस नोंद करायला येतेय."

जाऊबाई गाडीत पुढे बसल्या होत्या. मी बरोबर आणलेली ती राखाडी साडी त्यांच्या हातात दिली. म्हणाले, "तो कागद तुम्हीपण एकदा वाचा. तुम्ही चहा ठेवायला गेला होता, ऐकला नाहीत." त्यांनी साडी घेतली आणि खिडकीबाहेर बघत राहिल्या.

त्यानंतर तपासणी सुरू झालीच. नर्सरीच्या व्हॅनचा ड्रायव्हर मला घरी का सोडतो, असं कुणीतरी कुणालातरी विचारलं. हळदीकुंकवाचं बोलावणं विधवा झाल्यापासून नव्हतंच, आता साध्या वाढदिवसाचंही बंद झालं. एका ओळखीच्या बाईंनी फोन करून सांगितलं, "जरा जपून राहा गं." रात्रीची झोप गेली आहे. व्हिसाची भीती आहेच. कोर्टात किती वर्षं जातील माहीत नाही.

तरी जाणार आहे. उन्हाळ्यात नर्सरी बंद होते तेव्हा. मुलीला सोबत घेऊन. दार कुणी उघडलं नाही तर दारात बसेन. ते दार अर्धं आमचं आहे.

तलाठ्याने "मयताची विधवा" लिहायला घेतलं तर त्याला थांबवणार आहे. माझं नाव सांगणार आहे, पूर्ण. त्याखाली मुलीचं. आणि तिथे कुणी माझ्या वर्तनाचं काढलं, तर त्याला एवढंच विचारणार आहे, तुमचं कुठे लिहून ठेवलंय ते दाखवा.