गेलो कोण?

शाळा मी सातवीत सोडली. परभणीहून फरशी बसवायच्या कामाला धामापूरला आलो, आणि एका निवृत्त टीचरांच्या पडवीचं काम करता करता त्यांच्या कपाटातली पुस्तकं वाचायला लागलो. त्यांना एका कथेवर दहा मिनिटांची फिल्म करायची होती. कथेतला माणूस बऱ्याच वर्षांनी स्वतःच्या घरी येतो, आतले त्याला ओळखत नाहीत, तो परत फिरतो. शेवटची दोन पानं त्याचा नुसता विचार, की मी आहे तरी का.

"कॅमेऱ्याला विचार दिसत नाही," टीचर म्हणाल्या. "संवाद तू लिही. पण थोडक्यात."

एवढा विश्वास मला झेपेना. आठवडाभर सांध्यांत सिमेंट भरताना डोक्यात तेच. शेवटी दोन पानांचा एक शब्द केला. आतून कुणी विचारतं, "कोण आसा भायर?" माणूस बंद दाराकडे बघत म्हणतो, "गेलो."

शूटिंगच्या सकाळी आमचे नट, काजूबागवाले काका, तिथेच अडले.

"गेलो कोण?"

"तुम्हीच, काका."

"मगे 'गेलंय' म्हणाक होया! गेलो म्हटल्यार दुसरो कोणतरी गेलो. घाटावरून इलंस आणि माका मालवणी शिकवतंस रे?"

कॅमेरावाले दोघं हसले. माझे कान तापले. आमच्याकडे गेलो म्हणजे मी, इथे गेलो म्हणजे तो. दोन वर्षं रोज ऐकतोय, आणि लिहिताना नेमकं विसरलो. टीचर कागदाकडे बघत राहिल्या. आता काम काढून घेणार, मला वाटलं.

"आसांदे तसाच," त्या काकांना म्हणाल्या. "तो स्वतःकच दुसरो समजता. कथेत ताच तर आसा."

गप्प बसलो असतो तर निभावलं असतं. पण राहवेना. "टीचर, मी मुद्दाम नाही केलं. चुकलं माझं."

"ठाऊक आहे मला. मुद्दाम केलं असतंस तर कापलं असतं."

काका दारापुढे उभे राहिले. शेजारी बाजारात गेला असं सांगावं, तसं म्हणाले, "गेलो."

दुपारी जेवताना टीचरांनी वहीत 'संवाद' असं लिहून पुढे माझं नाव घातलं, वडलांच्या नावासकट, हजेरीपटावर असतं तसं. ताट बाजूला सारून मी वही जवळ ओढली. विचारलंच, "बाकीच्या संवादांत अशी चूक राहिली नसेल ना?"

"जेव रे आधी," त्या म्हणाल्या.