कोरी सोडलेली घरं

पेट्रोलवर, म्हणजे समुद्रातल्या गस्तीवर, निघायच्या आदल्या दिवशी मी आईला फोन करायचो. कुठे चाललोय ते सांगायचं नसे. कधी परत येणार ते आम्हालाही ठाऊक नसे. आई नॉटिंगहॅमच्या घरातून एकच विचारायची, "तिथे जेवायला नीट देतात ना रे?" मी हो म्हणायचो. दुसऱ्या दिवशी स्कॉटलंडच्या किनाऱ्यावरून आमची पाणबुडी निघायची आणि खोल समुद्र लागला की पाण्याखाली जायची. त्यानंतर कित्येक आठवडे सूर्य दिसायचा नाही.

मी विनायक शिंदे. ब्रिटिश नौदलातून चीफ पेटी ऑफिसर म्हणून निवृत्त झालो. आईवडील कराडहून इथे आले, माझा जन्म इथलाच. घरात मराठीच बोलायचं हा वडिलांचा नियम होता, म्हणून हे लिहिता येतंय. लिंगाच्या चुका माझ्या बायकोने, मेधाने, सुधारल्या आहेत.

मागच्या गणपतीत इथल्या मराठी मंडळात पुण्याहून नोकरीसाठी आलेला एक जण भेटला. "काका, तुम्ही न्यूक्लिअर सबमरीनवर होतात? सॉलिड. मग ते बटन दाबायची वेळ आली होती का कधी?" मी हसून त्याला प्रसाद घ्यायला पाठवलं. त्याच्या प्रश्नाचं उत्तर मी आजवर दोनच माणसांना दिलं आहे. तिसऱ्यांदा इथे देतो.

आमच्या बोटीवर अण्वस्त्रं होती. बोटीचं काम एकच, लपून राहणं. मी मिसाइल कंपार्टमेंटमध्ये होतो. तापमान, दाब, हवेतला ओलावा, हे सगळं बघायचं, लिहायचं आणि पुढच्या वॉचकडे, म्हणजे पाळीकडे, सोपवायचं. सहा तास काम, सहा तास सुट्टी. सुट्टीत जेवण, झोप आणि पत्ते. घरून आठवड्याला एक छोटासा निरोप यायचा, त्याला उत्तर पाठवता यायचं नाही. मिसाइलचा निशाणा कोणत्या शहरावर आहे हे आम्हाला कुणी सांगितलं नाही आणि आम्ही विचारलं नाही. न विचारणं ही शिस्तच आहे असं मी मानायचो. मला त्याचा अभिमान वाटायचा.

माझ्या वरच्या बंकवर कॅलम झोपायचा. ग्लासगोचा, माझ्याहून लहान, हाताने फार नेटका. माझ्याकडून तो 'चला' हा एक मराठी शब्द शिकला होता आणि दर वॉचच्या सुरुवातीला तो म्हणायचा. बोटीवरच्या अर्ध्या लोकांना तो शब्द ग्लासगोचाच वाटायचा.

प्रत्येक गस्तीवर मिसाइल डागण्याचा सराव व्हायचा. तो कधी होणार ते आधी कळत नसे. स्पीकरवर घोषणा होते, आणि हा सराव आहे हे घोषणेच्या सुरुवातीलाच सांगतात. त्या शब्दांनंतर खऱ्यात आणि सरावात काहीही फरक नसतो. तेच आदेश, तीच उत्तरं, तोच क्रम.

त्या दिवशी आम्ही दोघे सुट्टीवर होतो आणि कानात बोळे घालून झोपलो होतो. मला जाग आली ती माणसांच्या धावण्याने. बोळे काढले तेव्हा शेवटचे शब्द कानावर पडले, "ॲक्शन स्टेशन्स, मिसाइल." सुरुवात ऐकायची राहून गेली. कॅलम वरून उडी मारून माझ्यापुढे धावत सुटला.

मी जागेवर पोचलो, हेडसेट चढवला. हेडसेट लागला की प्रोसिजरचे शब्द सोडून काही बोलायचं नसतं. 'हा सराव आहे ना?' असं विचारायला तिथे जागा नाही. वरून येणारा बातम्यांचा कागद बरेच दिवस आला नव्हता. तो अधूनमधून चुकायचा, त्यात विशेष काही नव्हतं. पण तेव्हा न आलेला कागद आणि ही घोषणा, या दोन्ही गोष्टी माझ्या डोक्यात जुळल्या. मला वाटलं, हे खरं आहे.

"मिसाइल कंपार्टमेंट, रिपोर्ट."

माझ्या पॅनेलवरचा एक स्विच खाली ओढून 'रेडी' म्हणायचं होतं. माझा हात वर गेला आणि तिथेच थांबला.

आमच्या बोटीवर असं समजत की आपल्याला आदेश येईल तेव्हा मागे घर उरलेलं नसेल. मला आई आठवली. जिन्यावरचं कार्पेट एका पायरीवर सुटलं होतं. मी सुट्टीत येऊन ते ठोकून देणार होतो. तेवढंच आठवलं. हात खाली येईना.

"मिसाइल कंपार्टमेंट, रिपोर्ट."

शेजारी कॅलमने आपला स्विच खाली ओढला. मग हात लांबवून माझाही ओढला आणि शांत आवाजात म्हणाला, "मिसाइल कंपार्टमेंट, रेडी."

पुढचे आदेश त्यानेच पाळले. मी नुसता उभा होतो. बऱ्याच वेळाने स्पीकरवर आलं, "एक्सरसाइज कंप्लीट." कॅप्टन म्हणाले, "वेल डन. गुड टाइम." कुकने सगळ्यांना सॉसेज रोल दिले. मी माझा खाल्ला. कॅलमने त्याचा बाजूला ठेवलेला मी पाहिला होता, पण त्याचा अर्थ लावला नाही.

तो कुणाला काही बोलला नाही. मीही नाही. मी असं धरून चाललो की कॅलमने घोषणा पूर्ण ऐकली होती, त्याला सराव आहे हे ठाऊक होतं, म्हणून त्याचा हात चालला. आणि मी, इतकी वर्षं ज्या एका क्षणासाठी मला शिकवलं, त्या क्षणी गोठलो. पुढे बढती मिळाली. लाँग सर्व्हिसचं मेडल मिळालं. ते छातीवर लावताना अधिकाऱ्याने हस्तांदोलन केलं तेव्हा माझी नजर त्याच्या बुटांवर होती. समारंभाला आलेली आई म्हणाली, "वर बघायचंस की रे, फोटो चांगला आला असता."

आम्ही दोघे नौदलातून बाहेर पडल्यावर मी एकदा कामानिमित्त ग्लासगोला गेलो. कॅलम मला स्टेशनातल्या कॅफेत भेटायला आला. बारीक झाला होता. आम्ही इंग्रजीतच बोललो, इथे मराठीत लिहितो.

मी म्हटलं, "त्या दिवशी तू मला वाचवलंस. माझा हात थांबला होता. अजून लाज वाटते."

"तुला?" तो म्हणाला. "तुला कसली लाज?"

"खरं आहे असं वाटलं मला. आणि मी थांबलो."

त्याने कप खाली ठेवला. "मलाही खरंच वाटलं होतं, विन."

"तू घोषणा ऐकली नव्हतीस?"

"मी तुझ्याच वर झोपलो होतो. मी काय ऐकणार? मला वाटलं ग्लासगो गेलं. माझी बहीण गेली. आणि मी रेडी म्हणालो. माझ्या वाट्याचं केलं आणि तुझ्याही वाट्याचं केलं." मग तो म्हणाला, "त्यांनी टाइम चांगला आला म्हणून शाबासकी दिली."

मला काहीतरी बोलायला हवं होतं. मी घड्याळाकडे पाहिलं आणि म्हणालो की माझी ट्रेन आहे. ट्रेन होती, पण तिला वेळ होता. तो प्लॅटफॉर्मच्या गेटपर्यंत आला.

त्याच हिवाळ्यात कॅलम गेला. झोपेत गेला, असं त्याच्या बहिणीने फोनवर सांगितलं. मी जास्त विचारलं नाही.

नॉटिंगहॅमला आमची अलॉटमेंट आहे, म्हणजे कौन्सिलकडून भाड्याने मिळणारा भाजीपाल्याचा तुकडा. मी मेथी आणि कांदे लावतो. शेजारचा तुकडा मिसेस निशिदांचा. वय पंचाहत्तरीच्या आसपास, नवरा वारलेला. त्या मुळा फार छान लावतात. आमची ओळख मुळ्यावरूनच झाली. मेधाने त्यांना मुळ्याच्या पाल्याची भाजी करून दिली आणि त्यांनी आम्हाला मुळ्याचं लोणचं दिलं.

त्या हिरोशिमाच्या. बॉम्ब पडल्यानंतर काही वर्षांनी जन्मलेल्या. त्यांची आई त्यातून वाचली होती. हे त्यांनी खुरपता खुरपता सांगितलं. आई ज्या गल्लीत राहायची ती सगळी जळली होती. उरलेल्या माणसांनी तिथेच पत्र्याच्या झोपड्या घातल्या आणि राखेत भोपळे लावले. मग घरं उभी राहिली, सार्वजनिक न्हाणीघर उभं राहिलं, दुकानं आली. नवी माणसं राहायला आली. जुनी गल्ली होती हे सांगायला खूणही उरली नाही.

"मी शाळेत होते तेव्हा जुन्या लोकांनी गल्लीचा नकाशा काढायला घेतला," त्या म्हणाल्या. "आठवून. न्हाणीघराच्या वरच्या खोलीत जमायचे. मी चहा द्यायला जायचे. दर वेळी भांडणं. न्हावी आधी की चपलांचं दुकान आधी? टोफूवाल्याच्या मागे विहीर होती की नव्हती? एकेक घर काढायचं आणि आत राहणाऱ्यांची नावं लिहायची."

"सगळी आठवली?"

"नाही. काही घरांमधलं कुणीच उरलं नव्हतं आणि त्यांचे शेजारीही उरले नव्हते. ती घरं कोरी सोडली. नुसता चौकोन."

एका घराचं त्यांनी वेगळं सांगितलं. ते घर त्यांच्या आईच्या घरासमोरचं. तिथे कोण राहायचं, असं लोक दर वेळी आईला विचारायचे. आई म्हणायची, आठवत नाही. बऱ्याच बैठका अशाच गेल्या. मग एकदा आईने किटली खाली ठेवली आणि नाव सांगितलं. त्या घरातल्या बाईने बॉम्ब पडला त्या दिवशी रस्त्यावर आईकडे पाणी मागितलं होतं. आई थांबली नव्हती.

"नाव घेतलं असतं तर तेही सांगावं लागलं असतं," मिसेस निशिदा म्हणाल्या. "लोकांनी नाव लिहून घेतलं. कुणी पुढे काही विचारलं नाही. त्या खोलीतल्या प्रत्येकाकडे असं काही ना काही होतं. वाचल्याची लाज सगळ्यांनाच होती."

मी त्यांना तोवर एवढंच सांगितलं होतं की मी इंजिनिअर होतो. त्या दिवशी सगळं सांगितलं. बोट, आदेश, थांबलेला हात. खरं सांगायचं तर त्यांनी काहीतरी बरं बोलावं म्हणून सांगितलं. निदान माझा हात थांबला होता, असं त्यांनी म्हणावं.

त्यांनी विचारलं, "तेव्हा तुमच्या मनात कोण होतं?"

"माझी आई."

"तिकडचे लोक नाहीत."

"नाही," मी म्हणालो. "तिकडचे लोक मनात आलेच नाहीत."

त्यांनी मान हलवली आणि पुन्हा खुरपायला लागल्या. त्यांना राग आलेला नव्हता. मला मात्र हातातल्या फावड्याचं काय करावं ते कळेना. इतकी वर्षं मी थांबल्याची लाज बाळगली होती, आणि ती बाळगताना त्या निशाण्यावरच्या शहरात माणसं राहतात हा विचार एकदाही केला नव्हता. त्या शहराचा साधा चौकोनही माझ्याकडे नव्हता.

दर वर्षी ऑगस्टच्या सहाला, बॉम्ब पडला त्या तारखेला, मिसेस निशिदा आपल्या तुकड्यावरच्या शेडपुढे स्वच्छ पाण्याचं भांडं ठेवतात आणि त्या नकाशाच्या प्रतीवरची नावं वाचतात. आता त्यांना बारीक अक्षरं दिसत नाहीत. गेल्या वर्षी त्यांनी मला वाचायला सांगितलं. नावं इंग्रजी अक्षरांत लिहून ठेवली होती. मी चुकायचो, त्या नीट करून सांगायच्या. कोरं घर आलं की त्या म्हणायच्या, "इथे थांबा." मी थांबायचो. मग पुढचं घर.

वाचून झाल्यावर त्यांनी विचारलं, "तुमचं कुणी?"

मी कॅलमचं नाव घेतलं आणि लगेच म्हणालो की त्याचं नाव या यादीत बसत नाही. त्याने रेडी म्हटलं होतं.

"घर कुठे होतं त्याचं?"

"ग्लासगोला. दुसरा मजला."

"शेजारी कोण?"

"माहीत नाही."

"मग कोरं सोडावं लागेल," त्या म्हणाल्या आणि पाण्याचं भांडं उचललं.

त्या शरदात मी ग्लासगोला गेलो. कॅलमच्या बहिणीला भेटलो आणि मग त्याच्या बिल्डिंगमध्ये गेलो. समोरच्या दारात मिसेस मॅकब्राइड नावाची म्हातारी बाई राहते. मी नौदलातला आहे म्हटल्यावर तिने आत बसवलं.

"गुणी होता," ती म्हणाली. "माझं सामान वर आणून द्यायचा. फक्त त्या फायर अलार्मचा त्याला त्रास व्हायचा. दर आठवड्याला टेस्ट असते ना. अलार्म वाजला की येऊन माझं दार ठोकायचा. 'ही टेस्टच आहे ना?' मी म्हणायचे, 'हो बाळा, टेस्टच आहे.' मग जायचा. दर आठवड्याला. मी कधी कारण विचारलं नाही. विचारायला हवं होतं का?"

मी म्हणालो, "तुम्ही दार उघडत होतात ना." तिने विचारलं, ट्रेन कधी आहे? मी म्हणालो, उशिराची आहे. मी संध्याकाळपर्यंत बसलो आणि तिने सांगितलं ते सगळं ऐकलं.

नौदलाच्या कुठल्याही स्मारकावर कॅलमचं नाव नाही. त्याला मरण लढाईत आलं नाही, बोटीवर आलं नाही. नोव्हेंबरात युद्धात गेलेल्यांच्या आठवणीसाठी छातीवर पॉपीचं लाल कागदी फूल लावून आम्ही उभे राहतो तेव्हा त्याचं नाव कुणी वाचत नाही, आणि ते वाचा असं सांगायला मी अजून पुढे झालेलो नाही.

या वर्षी ऑगस्टच्या सहाला मेधाही आली होती. मी गल्ली पहिल्या घरापासून वाचली. न्हावी, चपलांचं दुकान, टोफूवाला, त्याच्या मागची विहीर. कोऱ्या घरांपाशी थांबलो. शेवटचं घर झाल्यावर मिसेस निशिदा म्हणाल्या, "पुढे वाचा."

मी वाचलं. कॅलम. ग्लासगो, दुसरा मजला, उजवीकडचं दार. समोर मिसेस मॅकब्राइड.