गिफ्ट लेटरवरची सही

आमच्या घरात कागद वाचून सही करणाऱ्या माणसाला संशयी म्हणतात. आतेभावाने बॉथेलमध्ये टाउनहाउस घेताना माझ्यापुढे एक पान सरकवलं, तेव्हा मी ते वाचलं होतं आणि तरीही सही केली होती. डाउन पेमेंटला त्याला नऊ हजार डॉलर कमी पडत होते, ते मी उसने दिले. उसन्या पैशावर बँक घराचं कर्ज देत नाही. म्हणून हे पैसे भेट आहेत, परत घ्यायचे नाहीत, असं देणाऱ्याने लिहून द्यायचं. त्याला इथे गिफ्ट लेटर म्हणतात. नात्याच्या रकान्यात मी 'बहीण' लिहिलं.

"ताई, जस्ट फॉर्मॅलिटी आहे गं. एका वर्षात रिटर्न करतो," तो म्हणाला. त्याच्या बायकोने शिरा केला होता. तो खाऊन मी घरी आले.

वर्ष गेलं, दुसरंही गेलं. मग माझी नोकरी गेली. व्हिसाची मुदत संपता संपता दुसरी मिळाली, पण कमी पगाराची, आणि तोवर दोन महिन्यांचं भाडं थकलं होतं. दाराला नोटीस चिकटवलेली दिसली त्या दिवशी मी त्याला फोन केला. बघतो म्हणाला. आणखी तीनदा बघतो म्हणाला आणि मग फोन घेईना. त्याच्याऐवजी पुण्याहून आत्याचा फोन आला. "घरातले पैसे घरातच आहेत ना गं?" आत्याचं म्हणणं खरं होतं, फक्त घर त्याचं होतं.

शेवटी मी छोट्या दाव्यांच्या कोर्टात गेले. तिथे वकील चालत नाही. आपणच अर्ज भरायचा, आपणच बोलायचं. अपार्टमेंटच्या ऑफिसातल्या बाईंनी कोर्टाची तारीख बघून तोवर थांबायचं कबूल केलं. 'ताई, तुझे पैसे मार्चमध्ये नक्की' हा त्याचा मेसेज मी छापून घेतला आणि खाली इंग्रजीत भाषांतर लिहिलं. ते गिफ्ट लेटर तो आणणार नाही अशी माझी खात्री होती. ते खोटं आहे हे आम्हा दोघांनाही माहीत होतं.

त्याने ते आणलं. स्वच्छ प्लास्टिकच्या कव्हरमध्ये घालून आणलं.

जजसाहेबांनी ते वाचलं आणि विचारलं, सही तुमचीच ना? मी हो म्हणाले. मग त्यांनी चष्मा काढला आणि सावकाश विचारलं की कागद भेट म्हणतो, तुम्ही उसने म्हणता, मग बँकेला खोटं लिहून दिलं होतंत का?

माझं ग्रीन कार्ड अजून रांगेत होतं. बँकेला खोटं लिहून देणं हा इथे गुन्हा आहे, एवढं मलाही कळत होतं. हो म्हटलं असतं तर त्याचं घर अडचणीत आलं असतं आणि मीही. मी त्याच्याकडे पाहिलं. तो टेबलाकडे बघत होता. लहानपणी खोटं बोलला की त्याचे कान लाल व्हायचे, तसे झाले होते. मी काय उत्तर देणार हे त्याला घरून निघतानाच माहीत होतं. मला त्याची किळस आली, आणि त्याने मला इतकं बरोबर ओळखलं होतं याची जास्त.

"ते गिफ्ट होतं," मी म्हणाले. थोड्याच वेळापूर्वी उजवा हात वर करून मी खरं बोलण्याची शपथ घेतली होती.

दहा मिनिटांत दावा निकाली निघाला. पार्किंगमध्ये तो माझ्या गाडीपाशी येऊन उभा राहिला. "सॉरी ताई. मला दुसरा ऑप्शनच नव्हता." मग म्हणाला, "भाऊबीजेला येशील ना? मुलं विचारतात."

त्याच आठवड्यात मी अपार्टमेंट सोडलं आणि एका काकूंच्या बेसमेंटमधली खोली घेतली. खिडकी जमिनीलगत आहे. पाऊस पडला की तिच्यातून फक्त चिखल दिसतो.

भाऊबीजेला मी गेले. का गेले ते मला सांगता येणार नाही. त्याच्या नव्या दिवाणखान्यात तो पाटावर बसला, मी त्याला ओवाळलं, आणि त्याने ताटात एकशे एक डॉलर टाकले. मुलांनी टाळ्या वाजवल्या. मी ते पैसे उचलून पर्समध्ये ठेवले. भाड्याला तेवढेच कमी पडत होते.