ओल्या भुईवरची पावलं

सिद्धगडाच्या पायथ्याच्या आमच्या शाळेत निरोपाला भाषणं नसत. सातवीची मुलं कल्याणला फायनलच्या परीक्षेला निघण्याच्या आदल्या दिवशी शाळा सारवत. मागे सरकत दाराशी यायचं आणि उंबऱ्याबाहेर उतरायचं. ओल्यावर पाय ठेवायचा नाही; ठेवला तर नापास. ही कुंडलिक गुरुजींची रीत. बायको गेल्यापासून शाळा हेच त्यांचं घर होतं.

मीही तशीच शाळा सोडली. बी. ए. झालो, तरी सारवणाला दर साली जायचो. गुरुजी मला मित्र म्हणत.

१९४१ साली चार मुलगे होते आणि जिवली. आमच्या गावातून फायनलला बसणारी पहिली मुलगी. तिचा बाप लडकू एकाच अटीवर कबूल झाला होता. गुरुजींनी स्वतः बरोबर जायचं.

सारवताना त्या चौघांतला धाऊ म्हणाला, “गुरुजी, पाय नाय ठेवला तरी नापास झालो तर?”

“तर पुढच्या साली परत शेण कालवशील.”

जिवली म्हणाली, “त्याला येतंय तेवढंच!”

गुरुजी हसले. हसत हसतच अंगणातल्या आंब्याला टेकले, खाली बसले. पुन्हा उठले नाहीत.

गेलेल्या माणसाला सारवलेल्या भुईवर निजवतात. ती समोरच होती, ओली. कुणाचा पाय उचलेना.

शेवटी धावत आलेला लडकू म्हणाला, “आता कोन रागावनार हाय रे?”

आम्ही त्यांना उचलून आत नेलं.

दुसऱ्या दिवशी परीक्षेसाठी गाडी जुंपली. मी लडकूला म्हणालो, “लडकूदादा, मी नेतो मुलांना. जिवलीलाही.”

“तुमी चांगले हाव. पन पोर मी गुरुजींच्या हवाली केली व्हती.”

“तिनं परीक्षा द्यावी ही त्यांचीच इच्छा होती.”

“व्हती. पन ते नाय ना आता.”

चौघांना घेऊन निघालो. धाऊ गुडघ्यांत तोंड घालून बसला होता.

गाडी शाळेवरून गेली. दार उघडं होतं. आमची पावलं भुईत वाळून राहिली होती. जिवली एकटी त्यांच्यावरून शेणाचा हात फिरवत होती. मागे सरकत ती दाराशी आली. उंबऱ्याबाहेर उतरली.

ओल्यावर तिचं एकही पाऊल नव्हतं.