बिनधन्याचा

एका शब्दापाशी मी तीन आठवडे अडून बसले होते. शाळेत तीस वर्षं इतिहास शिकवला, पण शब्दांचा असा तोटा कधी पडला नव्हता. निवृत्तीनंतर पुण्याच्या एका प्रकाशकाने कुमारांसाठी छोटी चरित्रं लिहून घ्यायला काढली, आणि मी त्यातला जपानी सामुराई उचलला. आपल्याकडच्या मुत्सद्द्यांवर लिहायचं तर दहा तोंडं, दहा बोलणी. या माणसाचा निदान नाशकात कोणी वंशज भेटायचा नाही, एवढाच विचार केला.

माझा सामुराई लढवय्या कमी आणि डावपेच आखणारा जास्त. एका डोळ्याने अधू, एका पायाने लंगडा. तरुणपणी गावोगाव हिंडून त्याने किल्ले, नद्या, घाट डोक्यात साठवले आणि मग वर्षानुवर्षं चाकरी मागत फिरला. एका सरदाराने तर त्याचं ध्यान पाहूनच नको म्हटलं. अशा चाकरी नसलेल्या सामुराईला तिकडे रोनिन म्हणतात. मला त्याला मराठी शब्द हवा होता. बेकार म्हटलं की डोळ्यापुढे अर्जांची रांग येते, बेवारस म्हटलं की पोलिसांचा पंचनामा. स्वतंत्र म्हणावं, तर तो बिचारा स्वतंत्र व्हायला निघालाच नव्हता. संपादक मुलगी फोनवर म्हणाली, "मॅडम, रोनिनच ठेवू या ना, खाली टीप देऊ." मी तिला सांगितलं, टीप कोणी वाचत नाही, मीसुद्धा वाचत नाही.

शब्द दिला तो पोळ्यांच्या मावशींनी. त्या मूळच्या दिंडोरीकडच्या. पूर्वी द्राक्षबागेत कामाला जायच्या, आता इंदिरानगरात पाच घरी पोळ्या करतात. माझ्याकडे एकटीचा स्वयंपाक, त्यामुळे गप्पांना वेळ उरतो. मी त्यांना त्या लंगड्याची गोष्ट रोज थोडीथोडी सांगत असे.

"म्हंजे त्याला धनी नाय," त्या लाटता लाटता म्हणाल्या. "बिनधन्याचा. आपल्या दोघींवानी."

मला राग आला. खोटं कशाला सांगू, चांगलाच आला. त्यांच्याकडे नवऱ्याला धनी म्हणतात. मी माझ्या नवऱ्याला लग्नाच्या दुसऱ्या दिवसापासून नावाने हाक मारली आणि त्यावरून सासरची दोन वर्षं धुसफूस सोसली. धनी कसला? आमच्या घरात सगळं मीच ठरवायचे. फ्लॅट कुठे घ्यायचा, मुलीला कोणत्या शाळेत घालायचं, सुट्टीत कुठे जायचं. मी कागदावर दोन रकाने आखायचे, फायदे आणि तोटे, आणि त्याला वाचून दाखवायचे. तो म्हणायचा, "बरं." त्याचे भाऊ त्याला तोंडावर नंदीबैल म्हणत. तो हसायचा.

राग ओसरल्यावर मी तोच शब्द लिहिला, कारण दुसरा कोणताही बसत नव्हता. डावपेच आखणाऱ्याला समोर ऐकणारं कोणीतरी बसलेलं लागतं. नवरा जाऊन दोन वर्षं झाली, तेव्हापासून मी एकही रकाना आखलेला नाही. भाजी कोणती आणायची यावरसुद्धा माझं अडतं. मला फार एकटं वाटतं, आणि हे वाक्य मी अजून कोणाला बोलून दाखवलेलं नाही.

त्याच्या हृदयाची झडप खराब झाली तेव्हाही मी कागद घेऊन बसले होते. डॉक्टर म्हणाले, ऑपरेशन करता येईल, पण या वयात धोका आहे. नाहीतर गोळ्यांवर काही काळ निघेल. किती काळ, ते सांगेनात. मी आठ दिवस चौकशा केल्या, मुंबईचं हॉस्पिटल ठरवलं, राहायची सोय पाहिली, बॅग भरली. "बरं," तो म्हणाला. ऑपरेशननंतर तिसऱ्या दिवशी तो गेला. मला कोणी बोल लावला नाही. मीही कोणाला काही विचारलं नाही.

गेल्या महिन्यात मी शेवटच्या प्रकरणाशी पोचले. सुतारपक्षी म्हणे खोडावर मागच्या बाजूने चोच मारतो आणि पुढून बाहेर पडलेला किडा टिपतो. उशिरा का होईना धनी मिळालेल्या माझ्या सामुराईने तशीच योजना केली. अर्ध्या फौजेने डोंगरावरच्या शत्रूला मागून उठवायचं, उरलेल्यांनी खाली दबा धरायचा. पण शत्रूला यांच्या छावणीतल्या चुलींचा धूर नेहमीपेक्षा जास्त दिसला. त्याने ओळखलं आणि तो आधीच खाली उतरून बसला. सकाळी धुकं निवळलं तर शत्रू समोर. आपल्या आखणीपायी धन्याची माणसं मरताहेत हे पाहून या लंगड्याने घोडा फेकला, शत्रूत घुसला आणि मेला. मी हे एका बैठकीत लिहून काढलं आणि रडले. पुस्तकातल्या माणसांसाठी मी कधी रडत नाही. त्याची आखणी फसली तर त्याने जीव तरी दिला. मी मुंबईहून परत आले आणि बॅगेतले कपडे धुऊन वाळत घातले.

मुलगी बंगळुरात असते. रविवारी तिचा फोन आला तेव्हा जेवणाखाण्याच्या चौकशा मध्येच तोडून मी विचारलं, "ऑपरेशनचं मी चुकले का गं?"

ती म्हणाली, "आई, बाबांना ते करायचंच नव्हतं."

"तुला काय माहीत?"

"निघायच्या आदल्या दिवशी त्यांनी मला फोन केला होता. म्हणाले, मला नको वाटतंय, पण तुझ्या आईने एवढं सगळं ठरवलंय, आता तिला सांगू नकोस."

मी पलंगावर बसले. म्हणजे इतके दिवस मी चुकीच्या माणसाला, स्वतःलाच, सामुराई समजत होते. हुकूम मानून तो निघाला होता, आणि हुकूम माझा होता.

"मग त्याला काय हवं होतं?" मी विचारलं.

"काही विशेष नाही, आई. घरीच राहायचं होतं. मिळतील तेवढे दिवस."

तिला अजून काहीतरी बोलायचं होतं, पण मी फोन ठेवला. त्याला राहायचं होतं त्या घरात मी राहते.