याकोबची टाच

आमची अर्धी गल्ली सुईणमावशीच्या हातची. मीसुद्धा. मी मोची, आणि तिचे टाचा झिजलेले बूट वर्षभर माझ्या फळीवर पडून होते. गेल्या वर्षी एक बाळ तिच्या हातात गेलं आणि बाईनं काम सोडलं ते सोडलंच, बूट न्यायलाही फिरकली नाही. माझं तोंड फटकळ, पण तिला मी चकार शब्द बोललो नाही.

परवा भरदुपारी माझ्या बायकोला कळा सुरू झाल्या. जुळं होतं, आणि तारीख अजून लांब. दवाखान्याची गाडी काही येईना. मी हातातल्या हातोडीसकट मावशीकडे धावलो.

"माझा हात आता धजत नाही रे," ती म्हणाली.

"नको धजू दे, पण चल," म्हणत मी तिला अक्षरशः ओढत आणली.

थोरला बोंब ठोकतच आला. पाठोपाठ धाकटा. निळसर, गप्प. मावशीनं त्याचं नाक-तोंड पुसलं, पाठ चोळली. काही नाही. मग पाऊल मुठीत धरून टाचेवर टिचकी मारली. परत मारली.

"रड की रे मेल्या," ती म्हणाली. रडत होती ती स्वतःच.

आणि पठ्ठ्यानं असा काही सूर लावला, की माझ्या हातातली हातोडी माझ्याच पायावर पडली. लागल्याचं मला संध्याकाळी कळलं. आनंदानं नुसता वेडा झालो होतो मी.

सासरे आमच्या यहुदी प्रार्थनाघरात जुने ग्रंथ वाचतात. ते डोळे पुसत आत आले. "धाकट्याचं नाव याकोब. हिब्रूत 'अकेव' म्हणजे टाच. आपला मूळपुरुष याकोब जुळ्यातला धाकटा, थोरल्याची टाच धरून जन्मला, म्हणून त्याचं हे नाव."

"यानं कुठे कुणाची धरली?" बायको म्हणाली. "मावशीनंच याची धरली."

"मग तर हेच नाव," सासरे म्हणाले.

मावशीनं ती टाच अजून सोडलीच नव्हती, अंगठ्यानं चोळत बसली होती. बायकोनं बाळ मागितलं तेव्हा कुठे भानावर आली.

निघताना ती माझ्या फळीपाशी थांबली.

"टाचा बसवल्यास का रे माझ्या बुटांना?"

"अजून नाही, मावशी."

"मग बसव आजच. पाववाल्याच्या सुनेचे दिवस भरत आलेत, उद्यापासून तिच्याकडे जायचंय मला."