रानभेंडीचा पत्ता

आमच्या कॉलेजात वाळवलेल्या वनस्पतींचा संग्रह सांभाळणारे एक गृहस्थ होते. डब्यात भेंडी असली की आधी चकतीतले कप्पे मोजत, मग खात. "जास्वंद, कापूस, अंबाडी, सगळी हिची भावंडं, सर. माझ्या भावंडांपेक्षा बरी. कपाटात भांडत नाहीत." झाड कुठे सापडलं याची नोंद चुकवणाऱ्या प्राध्यापकांनाही ते सोडत नसत.

नव्वदच्या दशकात हरसूलकडच्या एका टेकडीवर त्यांना दुर्मिळ रानभेंडीची मोजकी झाडं सापडली. पत्ता कळला तर अभ्यासकच ती मुळासकट उपटून नेतील, म्हणून त्यांनी नोंदीत शेजारच्या टेकडीचं नाव लिहिलं. मला हे सांगताना त्यांनी मान खाली घातली होती.

काही वर्षांनी सरकारला ती नोंद सापडली आणि त्या भलत्याच टेकडीला संरक्षणाचं कुंपण मंजूर झालं. मी म्हटलं, "आता तरी खरं सांगा."

"सांगतो ना. एवढा कार्यक्रम होऊन जाऊ द्या."

कार्यक्रम दणक्यात झाला. मंत्र्यांनी कुंपणातल्या गवतासमोर निसर्गावर भाषण केलं आणि यांना शाल पांघरली. मंत्र्यांच्या गाड्यांसाठी घाईघाईने कच्चा रस्ता केला होता. त्याचा मुरूम खऱ्या टेकडीवरून खणून आणला होता. झाडं होती ती बाजूच गेली.

दुसऱ्या दिवशी त्यांनी संग्रहाचं कपाट उघडलं, नोंदीतलं नाव खोडून खऱ्या टेकडीचं लिहिलं आणि खाली सही केली.

"आता लिहायला हरकत नाही, सर," म्हणाले.